'श्रद्धेत खोट होती' असं रुग्णाला सांगणाऱ्यांसाठी

परळची_सिस्टर
काल तीन गटांत एकच पोस्ट फिरत होती. सार असं: 'रोज अकरा माळा मनापासून जपा, कॅन्सरही मागे फिरतो. नाही फिरला तर श्रद्धेतच खोट होती.' पहिलं वाक्य सोडून देता आलं असतं. दुसरं नाही. तिसरं केमो घेऊन उलट्या करणाऱ्या बाईला आजार आहेच, वर हा दोष कशाला?

2001 साली अमेरिकेत 55 वर्षांवरच्या 596 आजारी लोकांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. 'देवाने मला टाकलं', 'देवाचं माझ्यावर प्रेम उरलेलं नाही' असं ज्यांच्या मनाने घेतलं होतं, त्यांच्यात पुढच्या दोन वर्षांत मृत्यूचा धोका जास्त दिसला. म्हणजे ही पोस्ट पुढे पाठवणारा माणूस रुग्णाच्या मनात नेमकी तीच शंका पेरतो.

जप करा, आरती ऐका, दादरच्या गाडगेबाबा धर्मशाळेत संध्याकाळी भजन असेल तर जाऊन बसा. मन शांत होतं, झोप लागते, सुई टोचताना हात कमी आखडतो. पण जप ही परीक्षा नाही, आणि गाठ वाढली म्हणून कुणी नापास होत नाही.

गिरगावचा_वारकरी
पोस्ट चूक आहे, मान्य. पण तुमचा 596 वाला दाखला जसाच्या तसा इथे लावू नका. देवावर रागावणं म्हणजे श्रद्धा ढळणं, हे आपल्याकडे खरं नाही. जनाबाई विठ्ठलाला शिव्या घालते. नामदेव रुसतो. तुकोबांच्या घरातली माणसं दुष्काळात अन्नान्न करत गेली आणि ते देवाशी कडाकडा भांडले. 'देवा, तू मेलास का' असं म्हणणारा माणूस विठ्ठलाला सोडून गेलेला नसतो, त्याच्या दारातच उभा असतो. वॉर्डात एखादी आजी देवाला बोल लावत असेल तर 'असं बोलू नये' म्हणून गप्प करू नका. बोलू द्या.

आता जपाबद्दल. श्वास चार मोजेपर्यंत आत, सहा मोजेपर्यंत बाहेर, बाहेर सोडताना नाम. एका मण्याला दहा सेकंद, म्हणजे 108 मण्यांना 18 मिनिटं. 2001 सालीच 23 निरोगी लोकांवर तपासलं होतं: लॅटिनमधली जपमाळ असो की 'ओम मणि पद्मे हुम', म्हणताना श्वास आपोआप मिनिटाला सहाच्या आसपास येतो. अकरा माळांचे सव्वातीन तासांहून जास्त होतात. आजारी माणसाला ते झेपणार नाहीत. एक माळ पुरे, आणि तीही झोपून चालते.

पुराव्यानिशी
श्वासामुळे बरं वाटतं, हे तुम्हीच सिद्ध केलंत. मग देव मध्ये कुठे आला? 2006 सालचा बायपासच्या 1802 रुग्णांवरचा प्रयोग बघा. दुसऱ्यांनी केलेल्या प्रार्थनेचा फायदा शून्य. उलट 'तुमच्यासाठी नक्की प्रार्थना चालू आहे' असं ज्यांना सांगितलं होतं, त्यांच्यात गुंतागुंत 59 टक्के. ज्यांना खात्रीने सांगितलं नव्हतं, त्या दोन गटांत 52 (प्रार्थना झालेल्यांत) आणि 51 (न झालेल्यांत).

गिरगावचा_वारकरी
अनोळखी माणसांनी यादीतलं नाव घेऊन केलेली प्रार्थना मोजली त्यांनी. रात्री दोन वाजता दुखत असताना नाम घेणाऱ्याला काय मिळतं, ते मोजलं नाही. आणि श्वासच सगळं करतो म्हणता, तर नुसते आकडे मोजायला सांगा त्याला. आठवडाभर टिकतो का बघा. नामाला माणूस वर्षानुवर्षं धरून राहतो, कारण पलीकडे कुणीतरी ऐकतंय असं त्याला वाटतं.

पुराव्यानिशी
टिकण्याचा मुद्दा मान्य करावा लागतो. बाकी काहीही नाही. आणि जनाबाईचं आधी कुणी सांगितलं नव्हतं, तेही ठीक आहे.

दादरचा_केमिस्ट
तुमचं तत्त्वज्ञान चालू द्या. खरा गोंधळ उपासात होतो, त्यावर कुणीच बोलत नाही. अंगारकी आली की घरातले म्हणतात, 'एवढा एक दिवस धर, बाप्पा बघेल.' ग्लिमेपिराइड ही मधुमेहाची गोळी घेणाऱ्याने सकाळी ती घेऊन रात्री नऊच्या चंद्रोदयापर्यंत उपाशी राहिलं तर साखर कोसळते. ती गोळी पोटात अन्न आहे की नाही हे बघत नाही. घाम, थरथर, असंबद्ध बोलणं सुरू झालं आणि साखर 70 च्या खाली असेल, तर तीन चमचे साखर पाण्यात घालून द्या, 15 मिनिटांनी पुन्हा मोजा, मग जेवायला घाला. शुद्ध नसेल तर तोंडात काहीही ओतू नका, थेट दवाखाना.

सिसप्लॅटिन हे केमोचं औषध चालू असताना निर्जळी तर अजिबात नको. ते औषध मूत्रपिंडावर जातं, पाणी भरपूर लागतं. केमोबरोबर दिलेली डेक्सामेथासोन या स्टेरॉइडची गोळी जेवणानंतर घ्यायची असते, आणि ती साखर वाढवते. आता त्यावर साबुदाणा खिचडी. बघा काय होतं ते.

चातुर्मास_पाळणारी
म्हणजे उपासच सोडायचा? आजारी बाईच्या हातात तेवढंच तर उरलेलं असतं. बाकी सगळं डॉक्टर ठरवतात, नळ्या कुठे घालायच्या, केस कधी जाणार. संकष्टी ती स्वतः ठरवते. तेही काढून घेतलंत की तिच्याकडे काय राहिलं?

दादरचा_केमिस्ट
सोडा म्हटलंच नाही. साबुदाणा म्हणजे जवळजवळ नुसता स्टार्च, प्रथिनं नावाला. उपचार चालू असताना किलोमागे एक ते दीड ग्रॅम प्रथिनं लागतात, म्हणजे 50 किलोच्या बाईला 50 ते 75 ग्रॅम. उपासाच्याच पदार्थांतून बघा: शेंगदाण्याचं कूट, दूध, पनीर, राजगिरा. दर तीन तासांनी थोडं थोडं. फराळाचा उपास तो उपासच असतो. निर्जळी हट्टाने धरलेली असते, बाप्पाने मागितलेली नसते.

चातुर्मास_पाळणारी
'हट्ट' हा शब्द परत घ्या. वॉर्डातल्या बाईला हट्टी म्हणायचा अधिकार तुम्हाला काउंटरमागून मिळत नाही.

दादरचा_केमिस्ट
घेतला परत. पण गोळीची वेळ परत घेत नाही. उपासाच्या आदल्या दिवशी डॉक्टरांना विचारा, गोळी कमी करायची की टाळायची. स्वतःच्या मनाने नाही.

चातुर्मास_पाळणारी
विचारू. आणि राजगिऱ्याचं तिला पटेल, कारण ते उपास तोडून नाही, धरूनच आहे.

परळची_सिस्टर
धागा खिचडीत गेलाच आहे तर तीर्थ-प्रसादाचंही सांगते. केमोनंतर साधारण सातव्या ते चौदाव्या दिवशी पांढऱ्या पेशी सगळ्यात खाली असतात, संसर्ग पटकन होतो. त्या दिवसांत नवसाच्या रांगेत तासन्‌तास उभं राहू नका. गणपतीत लालबाग आणि आमची हॉस्पिटलं एकाच टप्प्यात आहेत, मोह होतो. त्या दिवसांत मुखदर्शनाच्या रांगेतही गर्दी तीच, टीव्हीवरून हात जोडा. उघड्यावरचं पंचामृत आणि देवळातलं तीर्थ नको. साखरफुटाण्याचं बंद पाकीट चालेल. आणि ताप 100.4 फॅरनहाइटला गेला की अंगारा लावून, पॅरासिटामॉल देऊन सकाळची वाट बघू नका. लगेच या.

पुराव्यानिशी
गणपतीचा विषय निघालाच आहे तर विचारतो: रुग्णालयाभोवती 100 मीटर शांतता क्षेत्र जाहीर करता येतं, तिथली मर्यादा दिवसा 50 डेसिबल, रात्री 40. परळमध्ये कोण पाळतं? भक्तीने आधार मिळतो म्हणता, आणि त्याच भक्तीचे ढोल रुग्णाच्या खिडकीखाली वाजतात.

गिरगावचा_वारकरी
यात माझं तुमच्याशी भांडण नाही. खिडकीखाली डीजे लावणाऱ्याला विठ्ठल कळलेला नाही.

माहीमकर
आम्हा ख्रिस्ती लोकांतही तीच चूक वेगळ्या रूपात होते. बुधवारच्या नोव्हेना प्रार्थनेला गर्दी, बांद्र्याच्या माउंट मेरीला नवसाचे मेणाचे हात-पाय, पण घरात माणूस अत्यवस्थ झाला तरी फादरना बोलवत नाहीत. 'फादर आले म्हणजे संपलं' अशी भीती. रुग्णाभ्यंग, म्हणजे फादरनी तेल लावून करायचा विधी, हे गंभीर आजारी माणसासाठी असतं, फक्त शेवटच्या घटकेसाठी नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर चर्चने हे स्पष्ट केलं. मोठ्या शस्त्रक्रियेआधीही घेता येतं. माणूस शुद्धीवर असताना बोलवा, म्हणजे त्याला दोन शब्द बोलता येतात.

आणि दुखणं देवाने दिलं म्हणून मॉर्फिन नाकारणारी माणसं सगळ्या धर्मांत आहेत. बांद्र्याचं शांती आवेदना सदन 1986 पासून आहे, देशातलं पहिलं हॉस्पिस, म्हणजे अखेरच्या टप्प्यातल्या रुग्णांची काळजी घेणारं घर. तिथे प्रार्थना आहे, आणि वेदनाशमनही आहे. तोंडाने घ्यायचं साधं मॉर्फिन दर चार तासांनी, घड्याळ बघून द्यायचं, दुखायची वाट बघून नाही. सोबत पोट साफ होण्याचं औषध पहिल्या दिवसापासून. ते विसरलं की शौच अडतं, आणि घरचे 'मॉर्फिन सोसत नाही' म्हणून औषधच बंद करतात. वेदना उतरली की मगच माणूस शांतपणे प्रार्थना करू शकतो.

गिरगावचा_वारकरी
विठ्ठलाच्या नामाला मॉर्फिनची जोड, हे मला पटायला वेळ लागेल. पण वेदनेने ओरडणाऱ्याला 'नाम घे' म्हणणं निर्दयपणाचं आहे, हे खरं.

चातुर्मास_पाळणारी
सिस्टर, एक विचारायचं होतं. गंडा बांधला तर चालतो का? आणि बोटांना मुंग्या येतात, माळ हातातून सुटते, तिने काय करायचं?

परळची_सिस्टर
स्तनाच्या शस्त्रक्रियेत काखेतल्या गाठी काढल्या असतील तर त्या बाजूच्या हाताला काहीही घट्ट बांधू नका, हात सुजतो. दुसऱ्या हाताला सैल चालेल, पण सलाईनची सुई असेल तिथे नाही. एमआरआयच्या आधी ताईत घरीच काढून ठेवा. दारात कापायला सांगितलं की माणसं दुखावतात. रेडिएशन चालू असेल तर त्या जागेवर अंगारा, चंदन, तेल काही नको, आणि शाईच्या खुणा पुसू देऊ नका. उदबत्तीच्या वासाने मळमळ वाढते, दुसऱ्या खोलीत लावा.

माळ सुटत असेल तर मोठ्या मण्यांची घ्या, नाहीतर बोटांच्या पेरांवर मोजा. तोंड आलं असेल तर मनातच नाम. धाप लागत असेल तर चार-सहाचा हिशेब सोडा, श्वास जसा येतो तसा येऊ द्या आणि नाम त्याच्यावर ठेवा.