पॉप्लर म्हणजे पिंपळ का?

पानगळ: हिंदी पुस्तकात पॉप्लरला ‘पहाडी पीपल’ म्हटलंय. त्याचं शास्त्रीय नाव पॉप्युलस हे लॅटिनमधल्या ‘लोक’वरून आलं का? आणि काश्मीरमध्ये मे महिन्यात उडणारा कापूस म्हणजे याचे परागकण का?

देठ: पिंपळ नाही. पिंपळ वडाच्या कुळातला, पॉप्लर वाळुंजाच्या. पान तोडून बघा: पिंपळाच्या देठातून पांढरा चीक येतो, पॉप्लरच्या नाही. डेल्टॉइडिस या पॉप्लरच्या जातीत पानाचा देठ पात्याजवळ दोन्ही बाजूंनी चपटा असतो, चिमटीत धरून फिरवला तर गोल फिरत नाही. म्हणूनच जराशा वाऱ्यातही पान डावी-उजवीकडे थरथरतं.

शब्दवेडा: लॅटिनमध्ये झाडाचं ‘पॉप्युलस’ आणि लोकांचं ‘पॉप्युलस’ हे दोन वेगळे शब्द. झाडाच्या नावात पहिला ‘ओ’ दीर्घ, लोकांच्या ऱ्हस्व. लिहिताना सारखे दिसतात, तिथेच घोळ होतो. पिंपळाच्या संस्कृत ‘पिप्पल’शीही नुसत्या उच्चारावरून नातं जोडू नका. आपल्या किनाऱ्यावरच्या भेंडाचं शास्त्रीय नाव मात्र थेस्पेसिया पॉप्युलनिया, म्हणजे पॉप्लरसारखा. साम्य फक्त पानाचं, झाड जास्वंदीच्या कुळातलं.

देठ: कापूस परागकणांचा नाही, बियांचा. नर-मादी झाडं वेगळी, कापूस फक्त मादीचा. काश्मीरमध्ये ‘रशियन’ म्हणतात तो डेल्टॉइडिस मूळचा अमेरिकेचा! कापूस नको असेल तर नर झाडाचीच कलमं लावा: एक वर्षाच्या फांदीचे 20–22 सेंमी तुकडे, जानेवारी-फेब्रुवारीत, वरचा एक डोळा मातीबाहेर. तुकडा उलटा खोचला किंवा सुकू दिला तर फुटत नाही.