मदत हवी आहे : वास्तव घडवणाऱ्या कारागिरांच्या पंथाला नियम काय लावू?

नमस्कार मंडळी. दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहितेय. मुंबईत कारागिरांचा एक गुप्त पंथ आहे. हे लोक वस्तू नाही, वास्तवच घडवतात. सात बेटांमधली खाडी बुजली ती भरावाने, पण कथेत मातीआधी यांनी तिथे जमीन ‘विणली’. १७८४च्या सुमारास वरळीचा बांध झाला, तिथून सुरुवात आणि १९८२च्या गिरणी संपाशी शेवट. पंथाचे शेवटचे लोक परळच्या एका गिरणीत बदली कामगार म्हणून लपलेत.

मूळ कल्पना ऋग्वेदातल्या ऋभूंची. ऋभु, विभ्वन् आणि वाज, तिघे भाऊ. देवांचा कारागीर त्वष्टा, त्याच्या एका चमसाचे (सोमरसाच्या पेल्याचे) त्यांनी चार केले, म्हाताऱ्या आईबापांना पुन्हा तरुण केलं, आणि कारागिरीच्या जोरावर देवपद मिळवलं. (आपल्याकडे यांच्यावर कुणी फारसं का लिहीत नाही, देव जाणे.)

अडलंय ते किमतीपाशी. जमीन विणली तर काहीतरी उसवायला हवं, नाहीतर सगळं फुकटचं होतं. कारागिराची आठवण जावी, हे मला फार वापरून झालेलं वाटतं. समुद्राने दुसरीकडे कोळ्यांची जागा घ्यावी? ते पटतं, पण मग पंथ खलनायक ठरतो.

दुसरं, कुणाच्या घरी साचेखात्यात (गिरणीतल्या मागांच्या विभागात) काम केलेले आजोबा किंवा काका असतील, तर तुटलेला धागा कसा सांधायचे, मुकादमाशी कसं बोलायचे, एवढं विचारून सांगाल का? पुस्तकी माहिती आहे, हाताची नाही.