न्यू जर्सीत पॉइंट टू टू रायफल कायदेशीरपणे घ्यायची आहे: ग्रीन कार्ड, घरी लहान मुलगी, उन्हाळ्यात सासूसासरे

पंचगंगाकाठची

नमस्कार मंडळी. प्रश्न जरा लांब आहे, कारण या बाबतीत ऐकीव माहितीवर एक पाऊलही टाकायचं नाही असं ठरवलंय.

मी कोल्हापूरची. कॉलेजात एनसीसीमुळे पॉइंट टू टू (.२२) रायफल हातात आली आणि पुढे दुधाळीच्या रेंजवर जायचा नादच लागला. २०१० मध्ये तेजस्विनी सावंत म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये, म्हणजे पालथं झोपून मारायच्या प्रकारात, जगज्जेती झाली, तेव्हा आम्हा पोरींना वाटलं होतं की आता थांबायचं नाही. मग लग्न झालं, नोकरी आली, इकडे आलो, मुलगी झाली. सगळं छानच झालं, पण रायफल सुटली. १ ऑगस्ट २०२४ ला राधानगरीकडच्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मीटर थ्री पोझिशनचं कांस्य घेतलं, तेव्हापासून पालथं झोपून, श्वास रोखून, काळ्या वर्तुळावर नेम धरायची ओढ पुन्हा लागली आहे. ती जात नाही.

आता ग्रीन कार्ड हातात आहे. मला साधी बोल्ट ॲक्शन (दर गोळीनंतर हाताने खटका ओढायची) पॉइंट टू टू हवी आहे, फक्त कागदी टार्गेटवर. संरक्षणासाठी नाही, शिकारीसाठी तर मुळीच नाही. राहते मध्य जर्सीत.

ग्रीन कार्डवर चालतं ना, हा पहिला प्रश्न. दुसरा असा की पोलिसांना दोन ओळखीच्या माणसांची नावं द्यावी लागतात म्हणे. आमच्या ओळखी मराठी मंडळातल्या, आणि बंदुकीचं नाव काढलं की समोरचा माणूस एकदम गप्प होतो. कुणाला विचारावं? घरी मुलगी आठ वर्षांची आहे आणि सासूसासरे दर उन्हाळ्यात व्हिजिटर व्हिसावर येतात, त्याची काळजी वेगळीच. हे सगळं फार वाटलं तर आधी १० मीटरची एअर रायफल घेऊन सुरुवात करू का? तिला कोल्हापुरात परवाना लागत नसे.

डेलावेअरकाठी

ताई, कोल्हापूरच्या माणसाने रायफल विचारावी यात नवल नाही. बरीच वर्षं जर्सीतल्या एका क्लबात स्मॉलबोर, म्हणजे पॉइंट टू टूच, मारतोय, त्यावरून सांगतो. ग्रीन कार्डवर घेता येते. रीतसर आणि सावकाश.

एअर रायफलची पळवाट इथे नाही. न्यू जर्सीच्या कायद्यात छऱ्याची एअर रायफलसुद्धा बंदुकीतच मोडते, तिलाही तेच कार्ड लागतं. दुसऱ्या राज्यातून मागवून घरी ठेवली तर विनाकार्ड बंदूक बाळगल्याचा गुन्हा होतो. आपल्याकडून आलेल्यांना हे खरंच ठाऊक नसतं, म्हणून आधी सांगितलं.

ते कार्ड म्हणजे फायरआर्म्स पर्चेसर आयडेंटिफिकेशन कार्ड. सगळे एफआयडी म्हणतात. अर्ज स्टेट पोलिसांच्या संकेतस्थळावर भरायचा, तो तुमच्या गावच्या पोलीस खात्याकडे जातो. पूर्वी फी ५ डॉलर होती, २०२२ च्या अखेरीस ५० झाली. बोटांचे ठसे द्यावे लागतात, त्याचे पैसे वेगळे. मानसिक आरोग्याच्या नोंदी तपासायला लेखी संमती द्यावी लागते. २०२२ च्या सुधारणांनी सुरक्षित हाताळणीचं प्रशिक्षणही आणलं. कायदा म्हणतो ३० दिवसांत निकाल द्या. काही गावं देतात, काही ठिकाणी महिने जातात. मध्ये फोन करून नम्रपणे चौकशी करायला हरकत नसते. कार्ड दहा वर्षं चालतं.

ओळखीच्या माणसांबद्दल. नातेवाईक चालत नाहीत. त्यांना ईमेलवर तुमच्याबद्दल प्रश्नावली येते आणि ती त्यांनी भरली नाही की तुमचा अर्ज तिथेच अडतो. म्हणून नाव टाकायच्या आधी समोर बसून विचारा, काय प्रश्न येतील तेही सांगा. मंडळातलंच कुणी हवं असं नाही. ऑफिसातली सहकारी, मुलीच्या मैत्रिणीची आई, तुम्हाला नीट ओळखणारं कुणीही चालेल. मनापासून हो न म्हणणाऱ्याचा आग्रह धरू नका, तो ईमेल आठवडेच्या आठवडे उघडत नाही.

लग्नानंतर नाव बदललं असेल तर माहेरचं नाव जिथे विचारलंय तिथे न चुकता लिहा. आपल्या बायकांचं कधी पहिलं नावही बदललेलं असतं. पासपोर्ट, ग्रीन कार्ड आणि ड्रायव्हिंग लायसन्स तिन्हींवर एकच नाव आहे ना, ते अर्जाच्या आधी पाहून घ्या.

पिस्तुलाला प्रत्येक नगामागे वेगळं परमिट लागतं, रायफलला नाही. दुकानात कार्ड दाखवायचं आणि बंदूक खरेदीचा फॉर्म ४४७३ भरायचा. त्यात ग्रीन कार्डावरचा ए नंबर लागतो. मग दुकानदार स्टेट पोलिसांकडून तपासणी करून घेतो. तो फॉर्म स्वतः वाचून भरा. नशेच्या पदार्थांबद्दलचा प्रश्न आहे, तिथे गांजाचा उल्लेख मुद्दाम केलेला आहे. जर्सीत गांजा प्रौढांना मोकळा आहे, संघीय कायद्यात नाही, आणि हा फॉर्म संघीय आहे. रायफल खरोखर तुमच्यासाठीच आहे का, हेही विचारतात. मित्रासाठी आपल्या नावावर घेणं हा गंभीर गुन्हा आहे.

आणि जे मला सगळ्यात कळकळीने सांगायचंय ते हे. बंदुकीच्या कायद्याखाली दोषी ठरणं हे ग्रीन कार्डवाल्याला देशाबाहेर काढायचं कारण ठरू शकतं. जी शिक्षा भोगून इथला नागरिक घरी परततो, तिच्यापायी आपलं घरच इथून उठू शकतं. त्यामुळे ‘सगळे असंच करतात’ असं कुणी म्हणालं तर त्याचं ऐकू नका.

नेण्याआणण्याचा नियम: रायफल रिकामी, बंद पेटीत किंवा कुलूप लावलेल्या डिकीत, घर ते रेंज आणि रेंज ते घर. वाटेत फक्त वाजवी गरजेपुरतं थांबता येतं. मी पेट्रोल भरतो, बस्स. वाणसामानाला जायचं तर आधी रायफल घरी. हडसनपलीकडे न्यूयॉर्क शहरात रायफललाही शहराचं स्वतंत्र परमिट लागतं, तिकडच्या रेंजचं आमंत्रण आलं तरी रायफल नेऊ नका.

बोल्ट ॲक्शनची निवड उत्तम. असॉल्ट फायरआर्म्सचा किचकट कायदा सेमी ऑटोमॅटिकला लागतो, तुमचा त्याच्याशी संबंध येत नाही. मॅगझिन दहा गोळ्यांच्या वर नको, २०१८ पासून तीच मर्यादा आहे. सायलेन्सरला इथे बंदी आहे. सीझेड ४५७ किंवा सॅव्हेज मार्क टू ही मॉडेल्स हातात धरून बघा, दस्ता खांद्याला कसा बसतो त्यावर ठरवा. पॉइंट टू टूची काडतुसं पिस्तुलातही चालतात, म्हणून ती घेतानाही दुकानदार कार्ड मागेल.

लेकुरवाळी

मी लहान मुलांच्या वॉर्डात नर्स आहे. ताई, तुमची ओढ खरी आहे हे वाचूनच कळतं, तरी बोलल्याशिवाय राहवत नाही. आठ वर्षांच्या मुलीच्या घरात बंदूक नसणं हेच सर्वांत सुरक्षित, बालरोगतज्ज्ञांची अमेरिकन संघटनाही हेच सांगते. आणायचीच असेल तर रिकामी, कुलपात, आणि काडतुसं दुसऱ्या कुलपात. उंच कपाट म्हणजे कुलूप नव्हे. आठ वर्षांचं मूल खुर्ची ओढून कुठेही पोचतं, आणि आईने काय कुठे ठेवलंय हे त्याला आईपेक्षा जास्त माहीत असतं.

जर्सीचा कायदाही कडक आहे. भरलेली बंदूक सोळा वर्षांखालच्या मुलाच्या हाती लागली तर ती नीट न ठेवणाऱ्या मोठ्यावर गुन्हा दाखल होतो. क्लबात रायफल ठेवायची सोय असली तर ती घरी आणूच नका. आणि मुलगी मैत्रिणीकडे खेळायला जाते तेव्हा तिथे बंदूक आहे का, हे तुम्हीही विचारत जा. आता तुमच्याकडे येणाऱ्या मुलांचे आईवडील तुम्हाला विचारतील, तेव्हा राग मानू नका.

पंचगंगाकाठची

लेकुरवाळी, राग कसला? हे कुणीतरी बोलायला हवंच होतं. नवऱ्याशी काल रात्री हेच बोलले. ठरलं ते असं: भिंतीत बोल्ट मारून बसवलेली लोखंडी तिजोरी आमच्या खोलीत, रायफलचा बोल्ट काढून वेगळ्या कुलपात, काडतुसं शक्यतो लागतील तेवढीच घ्यायची. तिजोरी बसल्याशिवाय दुकानात पाय ठेवणार नाही. क्लबात ठेवायची सोय असेल तर तेच पहिलं.

एअर रायफलचं ऐकून हबकलेच. बरं झालं विचारलं.

अजून दोन शंका. सासूसासरे घरी असतानाच्या दोन-तीन महिन्यांत काही अडचण? आणि ऑफिसातली एक मैत्रीण एच-वन-बीवर आहे, तिला नुसतं रेंजवर येऊन चार गोळ्या मारायच्या आहेत. रायफल माझी, मी शेजारी उभी, मग चालेल ना?

वळणावरचा

नाही चालणार. हे स्पष्ट सांगतो, कारण आपल्या कितीतरी लोकांचे असे फोटो फेसबुकवर दिसतात आणि काळजात धस्स होतं.

संघीय कायद्याप्रमाणे एच-वन-बी, एच-फोर, एल-वन, एफ-वन, व्हिजिटर अशा तात्पुरत्या व्हिसावर आलेल्यांना बंदूक किंवा काडतूस बाळगायला मनाई आहे, आणि ‘बाळगणं’ यात रेंजवर पाच मिनिटं हातात घेणंही येतं. मालकी कुणाचीही असो. एक मोठा अपवाद आहे: अमेरिकेतल्या कुठल्याही राज्याचं वैध, मुदतीतलं शिकारीचं लायसन्स. मैत्रिणीला खरोखर शिकायचं असेल तर तिने हंटर एज्युकेशनचा कोर्स करून आधी ते घ्यावं. तोपर्यंत तिने मागे खुर्चीत बसून बघावं. तिच्या हाती रायफल दिली तर तिच्याइतक्याच तुम्हीही अडचणीत याल.

सासूसासऱ्यांना हाच नियम. ते घरात राहू शकतात, त्यात काही गैर नाही. मात्र तिजोरीची किल्ली किंवा आकडा त्यांना ठाऊक नसावा. ‘आबा, जरा ती पेटी डिकीत ठेवता का’ हेसुद्धा नको. नवऱ्याला एकट्याने रायफल घेऊन रेंजवर जायचं असेल तर त्याने स्वतःचं कार्ड काढावं.

न विचारलेलं एक सांगतो. रेंजची बॅग वेगळी ठेवा, ती प्रवासाला कधीही वापरू नका. पॉइंट टू टूचं काडतूस बोटाच्या पेराएवढं, अस्तराच्या शिवणीत जाऊन बसतं. मुंबईच्या विमानतळावर ते सापडलं तर १९५९ च्या शस्त्र कायद्याखाली गुन्हा दाखल होतो, आणि मग सुट्टी पोलीस ठाण्यात व कोर्टात जाते. नेलं मुद्दाम की चुकून, हे ठरेपर्यंत परतीचं तिकीट वाया गेलेलं असतं.

पंचगंगाकाठची

मैत्रिणीला आजच सांगते. वाईट वाटेल तिला, पण कोर्सची कल्पना आवडेल बहुतेक. संदर्भासाठी दोघींना विचारलं, शेजारीण लगेच हो म्हणाली, दुसरीने आठवडा मागितलाय. मी वाट बघेन.

एवढंच विचारायचं राहिलं: मुलगी मोठी होऊन तिने शिकते म्हटलं तर?

डेलावेअरकाठी

आईकडे एफआयडी असेल तर आईच्या प्रत्यक्ष देखरेखीखाली रेंजवर अठराखालच्या मुलांना मारता येतं. क्लबांची स्वतःची किमान वयाची अट असते, ती विचारा. बंद रेंजवर शिशाची धूळ उडते. पोरांना नेणार असाल तर तिथे काही खाऊ देऊ नका, निघताना थंड पाणी आणि साबणाने हात धुवा, रेंजचे बूट घराबाहेरच काढा. हिवाळ्यात आमच्यासारख्या क्लबांत ५० फुटांची स्मॉलबोर लीग असते, तिथे नवखे चालतात. कार्ड यायच्या आधीच एखाद्या संध्याकाळी येऊन बघून जा, पाहायला कार्ड लागत नाही.