आजीचा ब्लॅकआउट खरा की बाबांचा?

गिरगावची_पोर:
माळा आवरताना आजीच्या डब्यात भोकाचा पैसा सापडला, १९४३ चा. आजी सांगायची लढाईत चाळीच्या खिडक्यांना काळे कागद लावलेले, घड्याळं तासभर पुढे केलेली आणि तांदूळ मिळेना. बाबा म्हणतात काळे कागद ७१ ला, पाकिस्तानच्या लढाईत, मी स्वतः खळ लावून चिकटवलेत, आई घोळ घालायची. आता आजी नाही विचारायला. कोण बरोबर?

जुना_मुंबईकर:
दोघंही. ब्लॅकआउट, म्हणजे विमानहल्ल्याच्या भीतीने रात्री उजेड बाहेर दिसू द्यायचा नाही, तो दोन्ही वेळी होता. घड्याळाचं तर शंभर टक्के खरं, सप्टेंबर १९४२ पासून ऑक्टोबर १९४५ पर्यंत अख्ख्या देशाची वेळ तासभर पुढे होती. मुंबईत आधीच मुंबई टाइम ३९ मिनिटं मागे चालायचा, त्यात हा तास, म्हणजे कुणाला "पाचला ये" सांगितलं तर कुठले पाच ते विचारावं लागत असणार 😀 पैशाला भोक तांबं वाचवायला.

भातखाऊ:
तांदळाचं कारण ब्रह्मदेश. मार्च ४२ मध्ये रंगून जपान्यांनी घेतलं आणि तिकडचा तांदूळ बंद. मुंबईत मे १९४३ पासून रेशन सुरू. आमची पणजी म्हणायची की मिळेल तो तांदूळ घ्यायचा, वास आला तरी, आणि दुपारभर खडे निवडत बसायचं, घासलेटचीही तीच बोंब. गावाहून कुणी पायलीभर तांदूळ आणला तर शेजारी कळू द्यायचं नाही.

तिसरा_मजला:
७१ मी पाहिलंय. ३ डिसेंबरला सुरू झालं, १६ ला संपलं. गाड्यांच्या हेडलाइटला वरून अर्धा काळा रंग, भोंगा झाला की सगळं गपगार. कुणाच्या खोलीतून जरा उजेड दिसला की खालून पोरं बोंबलायची "ए तिसरा मजला, लाइट!" खरं सांगू, आम्हाला भीती कमी आणि मजा जास्त वाटायची, शाळेचा अभ्यास बुडायचा ना. मोठ्या माणसांचं वेगळं असेल.

गिरगावची_पोर:
थँक्यू सगळ्यांना, बाबांना वाचून दाखवलं. आधी हसले, मग म्हणाले की ७१ ला कागद टिकत नव्हते, सारखे सुटायचे, तेव्हा आईनेच सांगितलं खळीत चिमूटभर मोरचूद टाक, नाहीतर झुरळं खातात. हिला हे कसं माहीत, ते विचारायचं तेव्हा सुचलंच नाही म्हणाले.