मदत हवी आहे: बिबट्यासोबत चालताना सशाचे पाय घसरतात

नमस्कार मंडळी. बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरच्या भीमगड जंगलात घडणारी दोन मिनिटांची विनोदी ॲनिमेशन फिल्म करतोय. बिबट्या आणि ससा, दोघांची दोस्ती. सेकंदाला 24 फ्रेम, प्रत्येक चित्र दोन फ्रेम दिसतं.

बिबट्याच्या चालीचं एक चक्र 24 फ्रेमचं, सशाची उडी 12 ची. कॅमेरा त्यांच्यासोबत जातो, म्हणून जंगल दर फ्रेमला 10 पिक्सेल मागे सरकतं. बिबट्या झकास चालतो. ससा मात्र पडद्यावर एका जागी ठेवला की टेकलेल्या 4 फ्रेममध्ये पाय पुढे घसरतात. त्या 4 फ्रेममध्ये 40 पिक्सेल मागे आणि हवेतल्या 8 मध्ये तेवढाच पुढे नेला, तर पाय रोवले जातात, पण ससा बिबट्याच्या तोंडासमोरून सारखा मागेपुढे होतो. ‘काय करायलास रे?’ हा संवाद अख्ख्या प्रसंगाचा जीव, तोच निसटतो.

उडी 8 फ्रेमची, 80 पिक्सेलची केली तर हेलकावा कमी होईल का? की बोलताना दोघांना थांबवावंच? आणि सशाची जागा दर फ्रेमला बदलावी का? दोन-दोन फ्रेमनी बदलली की पाय थरथरतात, कारण जंगल प्रत्येक फ्रेमला सरकतं. जाणकारांनी कृपया फ्रेमच्या आकड्यांसह सांगावं.