मदत हवी: गाड्यांचे पार्ट करणाऱ्या ऑपरेटरना विमानाच्या कामासाठी तयार कसं करायचं? (अंबड, नाशिक)

अंबडवाली

नमस्कार मंडळी. धागा लांबणार आहे, आधीच सांगते.

अंबडला एका जॉबवर्कच्या युनिटमध्ये मी प्रॉडक्शन आणि क्वालिटी दोन्ही बघते. छोट्या युनिटात असंच असतं, पगार एक आणि खुर्च्या दोन. चार व्हीएमसी (कॉम्प्युटरवर चालणारी मिलिंग मशीन), तीन टर्निंग सेंटर, एक जुनं सीएमएम (पार्टची मापं घेणारं मशीन), आणि सगळी मिळून तीसेक माणसं. आजवरचं काम सगळं ऑटोचं: ब्रॅकेट, हाउसिंग, फ्लँज, महिन्याला हजारांनी. पण १७ ऑक्टोबर २०२५ ला ओझरला एचएएलच्या कारखान्यात तेजस लढाऊ विमानाची लाइन सुरू झाली आणि मालकांच्या डोक्यात विमान बसलं. आता एका मोठ्या व्हेंडरकडून खरोखरच अॅल्युमिनिअमच्या काही पार्टची चौकशी आली आहे. नग किती, तर कुठे बारा, कुठे वीस. मालक म्हणाले, "ऑर्डर मी आणतो, पोरांना शिकवून तू घे."

काय शिकवू, इथेच गाडी अडली आहे. मागच्या आठवड्यात सॅम्पल काढताना त्या व्हेंडरचे इंजिनिअर शॉपमध्ये उभे होते. मशीनवर आमचे आप्पा. कटरचा आवाज ऐकून इन्सर्ट गेला की नाही सांगणारा माणूस. जॉब उतरवला, कडेवरून अंगठ्याचं नख फिरवलं, एका कोपऱ्यात बर (कापल्यावर राहिलेली धातूची कूस) लागली. खिशातून फाइल काढली, दोन हात मारले, वेस्टने पुसून जॉब ट्रेमध्ये. ड्रॉइंगवर कडेची धार ०.२ ते ०.४ मिमी मोडायला सांगितली होती. नंतर मोजली तर ०.३. म्हणजे काम चोख. तरी साहेबांनी शांतपणे विचारलं, "हे ऑपरेशन तुमच्या रूट कार्डवर कुठे आहे?" रूट कार्ड म्हणजे पार्टवर करायच्या कामांचा क्रमाने लिहिलेला कागद, त्यात ते कुठेच नव्हतं. आप्पांना प्रश्नच कळला नाही, आणि खरं सांगायचं तर त्यांच्या जागी मी असते तरी फाइलच काढली असती.

त्यात एका खासगी इन्स्टिट्यूटचा माणूस येऊन गेला. "एव्हिएशन स्किल" चा तीन महिन्यांचा कोर्स, माणशी पंचेचाळीस हजार, शेवटी एएस ९१०० चं सर्टिफिकेट. मालक जवळजवळ हो म्हणालेत. दुसरीकडे आमचा एक हुशार पोरगा, बारावी सायन्स करून आयटीआय केलेला, नोकरी सोडायला निघाला आहे. त्याला कुणी सांगितलंय की विमानाचं काम करायचं तर एएमईचं, म्हणजे विमान देखभाल इंजिनिअरचं, लायसन्स लागतं.

कुणाला काय शिकवावं, कुठे शिकवावं, पैसे कशावर घालावेत? अनुभवी लोकांनी कृपया सविस्तर लिहा.

सातपूरकर

आधी पगार वाढवा, मग शिकवा. शिकलेला पोरगा दुसऱ्या महिन्यात ओझरच्या बसमध्ये दिसेल.

मायक्रॉन

ताई, पंचेचाळीस हजार गुणिले तीस हा चेक आधी थांबवा. एएस ९१०० हे कंपनीला मिळणारं सर्टिफिकेट आहे, ऑपरेटरला नाही. आयएसओ ९००१ वर विमान उद्योगाच्या जादा अटी चढवल्या की ते तयार होतं. माणसाला फार तर त्याची ओळख करून देणारा किंवा अंतर्गत ऑडिटरचा कोर्स मिळतो. तो तुम्ही स्वतः करा, अजून एकाला करायला लावा. बाकी अठ्ठावीस जणांना त्याचा काडीचा उपयोग नाही.

मी ऑटोमधून एरोस्पेसच्या सप्लायरकडे आलो, क्वालिटीत. तुमच्या पोरांना कटिंग येतं. त्यांना येत नाही ते हे, की पार्टला जे जे झालं ते कागदावर असलं पाहिजे आणि कागदावर नसलेलं काहीही पार्टला होता कामा नये. ऑटोमध्ये हजार नगांच्या लॉटमधून पाच उचलून मोजतो आणि प्रोसेस कंट्रोलवर भरवसा ठेवतो. इथे बारा नग आहेत, आणि पहिल्या नगाची पूर्ण तपासणी, म्हणजे फर्स्ट आर्टिकल इन्स्पेक्शन किंवा एफएआय, त्यासाठीच्या एएस ९१०२ स्टँडर्डच्या तीन फॉर्मवर द्यायची. ड्रॉइंगवरच्या प्रत्येक मापाला, प्रत्येक नोटला फुगा (गोल) काढून नंबर द्यायचा आणि त्या नंबरासमोर मोजलेलं माप लिहायचं. "ओके" लिहून चालत नाही.

यातली मेख ऑपरेटरला सांगा: सीएनसी प्रोग्राम बदलला आणि त्याचा मापांवर परिणाम होऊ शकत असेल, तर तेवढ्या मापांचा एफएआय पुन्हा. आपल्याकडे नाइट शिफ्टचा पोरगा फिनिश येत नाही म्हणून मशीनवरच प्रोग्राम एडिट करतो आणि सकाळी कुणाला पत्ता नसतो. दोन वर्षं तो पार्ट बनवलाच नाही तरीही एफएआय नव्याने बघावा लागतो. ही सवय लावायला तीन महिन्यांचा वर्ग नको, रोज शिफ्टच्या सुरुवातीला दहा मिनिटं आणि एक कडक सुपरवायझर हवा.

आणि तुम्हाला ऑपरेटरपेक्षा सेटर, म्हणजे मशीनवर नवीन जॉब बसवून देणारे, जास्त लागतील. बारा-वीस नगांचे लॉट म्हणजे दिवसाआड नवीन सेटिंग. बटण दाबून पार्ट बदलणारा माणूस इथे बसून राहतो.

ओझरचे काका

मी ओझरला फिटर म्हणून लागलो आणि तिथूनच निवृत्त झालो. हा कारखाना १९६४ मध्ये मिगसाठी उभा राहिला. मिग-२१ वर हात बसलेल्या लोकांना पुढे सुखोईसाठी परत विद्यार्थी व्हावं लागलं, पन्नाशीच्या माणसांनासुद्धा. तेव्हा वयाचं कारण सांगू नका.

बाई, एक विचारतो. आप्पांच्या खिशातली ती फाइल आधी कशावर चालली होती?

अंबडवाली

काका, स्टीलच्या फ्लँजवर. सकाळपासून तेच काम चालू होतं. का हो?

ओझरचे काका

तेच म्हटलं. स्टीलवर चाललेली फाइल अॅल्युमिनिअमवर मारली की लोखंडाचे कण त्यात रुततात. डोळ्यांना दिसत नाहीत. पुढे अॅनोडायझिंगला डाग निघतो, नाहीतर तिथूनच गंज धरतो. तारेचा ब्रश, एमरी, चिंध्या, सगळ्याचं तेच. अॅल्युमिनिअमची हत्यारं वेगळी, रंग मारून वेगळ्या बोर्डवर, आणि बोर्डवर प्रत्येक हत्याराची आकृती काढलेली. शिफ्ट संपताना एक आकृती रिकामी दिसली तर हत्यार सापडेपर्यंत कुणी घरी जात नाही. असं नको तिथे राहिलेल्या वस्तूला आमच्याकडे एफओडी म्हणतात. विमानात राहिलेला पाना काय करतो हे सांगायला नको.

आप्पांना रागवू नका. त्यांच्यासमोर बसून त्यांच्याकडूनच ते ऑपरेशन लिहून घ्या. कुठली फाइल, कितीचा कट, कुठल्या दिशेने, कशाने मोजायचं. ते बोलतील, पोरगा लिहील, तुम्ही सही करा. मग तीच दोन हातांची फाइल अधिकृत झाली.

गोदाकाठ

काकांशी अर्धा सहमत. आमच्या युनिटमध्ये असेच एक मामा होते, सहा महिने समजावलं, शेवटपर्यंत खिशातली फाइल सुटली नाही. शेवटी त्यांना ऑटोच्या लाइनवर ठेवलं आणि सगळे सुखी झाले. ताईंच्या युनिटची चूल अजून ऑटोवरच पेटते, विसरू नका. सगळ्या तीस जणांना विमानवाले करायची गरज नाही. एक कोपरा वेगळा करा, एक-दोन मशीन, चार-पाच माणसं, वेगळं रॅक.

रॅकवरून आठवलं. मटेरिअलचं बघा. ७०७५ अॅल्युमिनिअमचा टी६ आणि टी७३५१, म्हणजे एकाच धातूच्या वेगवेगळी प्रक्रिया केलेल्या दोन अवस्था, दोन्ही तुकडे शेजारी ठेवले तर देवालाही ओळखू येणार नाहीत. टी७३५१ ताणून त्यातला अंतर्गत ताण काढलेला असतो, म्हणून पातळ भिंती काढताना कमी वाकतो. चुकीचा तुकडा लागला तर क्लॅम्प सोडल्यावर जॉब केळं होतो, आणि त्याहून वाईट म्हणजे कधीकधी होत नाही आणि तसाच पुढे जातो. बार कापायच्या आधी हीट नंबर (माल कुठल्या वितळणीतला ते सांगणारा नंबर) उरणाऱ्या तुकड्यावर उतरवायचा, कापल्यावर नाही. हे हेल्परलाही शिकवावं लागतं, कारण हॅकसॉवर तोच असतो.

बी१_नाशिकरोड

त्या बारावी सायन्सवाल्या पोरासाठी लिहितोय. मी लायसन्सवाला एएमई आहे, सध्या मुंबईत.

त्याला सांगा, एएमई हे उडणाऱ्या विमानाची देखभाल करून "हे विमान सेवेत जायला योग्य आहे" अशी सही करणाऱ्याचं लायसन्स आहे. डीजीसीए, म्हणजे नागरी विमान वाहतूक महासंचालनालय, ते कार-६६ या नियमाखाली देते. बी१ म्हणजे इंजिन-एअरफ्रेम, बी२ म्हणजे एव्हिऑनिक्स, आणि ए मर्यादित कामांसाठी. तुमच्या व्हीएमसीवर पार्ट बनवायला यातलं काहीच लागत नाही. उलटही खरं: व्हीएमसीवर घालवलेली वर्षं लायसन्सच्या अनुभवात धरत नाहीत. तिथे चालू विमानावरचा देखभालीचा अनुभव लागतो.

त्याला हेच करायचं असेल तर जरूर करावं, बारावीला भौतिक, रसायन आणि गणित असेल तर दार उघडं आहे. मॉड्यूल परीक्षांना पासिंग ७५ टक्के आहे आणि सगळं इंग्रजीत, हे आधीच सांगा. आणि फी भरण्याआधी डीजीसीएच्या साइटवर कार-१४७ मान्यताप्राप्त संस्थांची यादी उघडून संस्थेचं नाव आणि कुठल्या कॅटेगरीची मान्यता आहे ते स्वतः बघायला लावा. "एव्हिएशन डिप्लोमा" लिहिलेल्या पाट्या महाराष्ट्रभर लागल्यात. यादीत नाव नसलं की तो डिप्लोमा भिंतीवर लावण्यापुरता.

अंबडवाली

खूप खूप आभार सगळ्यांचे. पोराला बी१ दादांचं उत्तर दाखवलं. तो दोन दिवस विचार करतो म्हणाला. बारावीचं मार्कशीट शोधतोय.

कालच आप्पांना घेऊन बसले. पहिली दहा मिनिटं "यात लिहायचं काय" असंच चाललं होतं. मग त्यांनी सांगायला सुरुवात केली आणि माझ्या लक्षात आलं की ते जॉब कुठल्या बाजूने धरतात यालाही कारण आहे. लिहून दीड पान झालं. त्यांनी स्वतः वाचून दोन ओळी खोडल्या.

अजून एक. तोच इन्स्टिट्यूटवाला आता एनडीटी (पार्ट न तोडता दोष शोधायची तपासणी) लेव्हल २ चं पॅकेज घेऊन आलाय. घ्यावं का? आणि सीएमएम, जिओमेट्रिक टॉलरन्स वगैरे चांगलं कुठे शिकवतात?

मायक्रॉन

एनडीटी तुम्ही करणार आहात का? नसाल तर नको. हीट ट्रीटमेंट, अॅनोडायझिंग, एनडीटी या स्पेशल प्रोसेसमध्ये धरतात. बहुतेक ग्राहक त्यांना नॅडकॅप (विमान उद्योगातली स्पेशल प्रोसेससाठीची) मान्यता मागतात, आणि तुमच्यासारखं युनिट ते काम मान्यता असलेल्याकडे बाहेर पाठवतं. शिवाय लेव्हल २ ची मान्यता शेवटी मालकच देतो, प्रशिक्षणाचे तास, प्रॅक्टिकल, परीक्षा आणि दर वर्षी जवळच्या नजरेची तपासणी बघून. नोकरी बदलली की नवा मालक ती पुन्हा देतो. नुसतं इन्स्टिट्यूटचं कार्ड घेऊन कुणी पार्ट पास करू शकत नाही.

पैसे जिओमेट्रिक टॉलरन्सवर घाला. पोझिशन, प्रोफाइल, डेटम (मापं जिथून धरायची ती संदर्भाची बाजू). तुमचे सेटर प्लस-मायनस वाचण्यात तरबेज असतील, पण डेटम ए-बी-सी कुठल्या क्रमाने धरायचं हे फिक्स्चर बनवताना कळलं नाही तर सीएमएम वेगळं बोलतं आणि मशीन वेगळं. हे तीन-चार माणसांना शिकवा, सीएमएमवाल्यासकट.

गोदाकाठ

छत्रपती संभाजीनगरचं इंडो-जर्मन टूल रूम बघा. सरकारी आहे, सीएनसी आणि मोजमापाचे छोटे कोर्स असतात, आणि तिथले मास्तर स्वतः मशीनवर उभे राहतात. जवळच बघायचं तर अंबडमध्येच इंजिनिअरिंग क्लस्टर आहे, तिथे जाऊन चौकशी करा.

नवीन पोरं घेणार असाल तर अॅप्रेंटिस म्हणून घ्या. तीस किंवा जास्त माणसं असतील, कंत्राटी धरून, तर कायद्याने घ्यावेच लागतात, ४ ते २९ असतील तर ऐच्छिक. तुम्ही "तीसेक" म्हणालात, तेव्हा एकदा नीट मोजा, नाहीतर वेगळीच नोटीस यायची. स्टायपेंडचा काही भाग सरकारकडून मिळतो. फिटर-मशिनिस्ट तर सातपूरच्या आयटीआयमधून मिळतीलच. नागपूरच्या आयटीआयमध्ये विमानाच्या स्ट्रक्चर फिटरचा ट्रेडही आहे, पण तो जोडणीच्या कामाचा, तुम्हाला मशिनिस्टच बरा.

सातपूरकर

सगळे पगारावर गप्प. मी परत विचारतो, शिकवल्यावर पोरं थांबणार कशी? एचएएलकडे नुसत्या तेजसच्या ९७ विमानांची नवी ऑर्डर आहे म्हणतात. ती सगळी इथेच होणार नाहीत, बंगळूरलाही होतील, पण चांगला सेटर सगळ्यांनाच हवा आहे.

अंबडवाली

सातपूरकर, तुमचा मुद्दा मालकांनीही काढला, पण उलट्या बाजूने. ते दोन वर्षांचा बाँड म्हणतायत, आणि दहावी-बारावीची मूळ सर्टिफिकेट जमा करून घ्यायची. मला ते पटत नाहीये पण बोलायला मुद्दा हवा.

कोर्टकचेरी

घ्या मुद्दा. मूळ सर्टिफिकेट अडकवून ठेवायचा विचार सोडा. पोराने पोलिसात अर्ज दिला तर मालकच अडकतील. नोकरी सोडल्यावर दुसरीकडे काम करायचं नाही अशी अट भारतीय करार कायदा १८७२ च्या कलम २७ खाली टिकत नाही. प्रशिक्षणावर खरोखर झालेला खर्च, वाजवी मुदतीसाठी, कागदोपत्री दाखवून वसूल करता येऊ शकतो. पण "सोडलं तर दोन लाख" असा आकडा हवेतून लिहिला तर कोर्ट विचारतं की दोन लाख कुठे खर्च झाले. संभाजीनगरच्या कोर्सची पावती जपून ठेवा, तेवढंच तुमच्या हातात आहे.

मायक्रॉन

यावर आमच्याकडे केलेला उपाय सांगतो. एरो सेलमध्ये, म्हणजे विमानाच्या कामाच्या वेगळ्या कोपऱ्यात, गेलेल्याला दरमहा वेगळा भत्ता, आणि एफएआय पहिल्या फटक्यात पास झाला तर सेटरला थोडे पैसे. दोघं गेले, बाकीचे राहिले. बाँड नव्हता.

आणि ताई, त्या व्हेंडरकडून त्यांची सप्लायर क्वालिटीच्या अटींची पुस्तिका मागून घ्या, लेखी. अर्ध्याहून जास्त प्रशिक्षणाची यादी त्यातच मिळेल. कोटेशन त्यानंतर द्या, आधी नको. एफएआयला लागणारे सीएमएमचे तास धरले नाहीत तर बारा नगांत घरचे पैसे घालाल.

अंबडवाली

पुस्तिका आजच मेलवर मागितली. बाँडचा विषय सोमवारी मालकांसमोर ठेवते, कोर्टकचेरी यांचं उत्तर प्रिंट काढून. अॅप्रेंटिससाठी माणसं मोजली: कंत्राटी धरून एकतीस.

इंडो-जर्मनला जिओमेट्रिक टॉलरन्सची पुढची बॅच कधी आहे कुणाला माहीत असेल तर इथेच लिहा. तिघांना पाठवायचं आहे, आणि राहायची सोय तिथे होते का तेही.