कोंगोचा अफोंसो: गुलामांच्या व्यापाराचा विरोधक की भागीदार?

धागाकर्ता: मध्य आफ्रिकेतल्या कोंगो राज्याच्या राजाने, पहिल्या अफोंसोने, जुलै १५२६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहिलं. तुमचे व्यापारी आमची माणसं, सरदारांची मुलं, आमचे नातेवाईकसुद्धा पकडून नेतात, देश ओस पडतोय. पाद्री आणि शिक्षक पाठवा, मिस्सेपुरती वाइन आणि पीठ पाठवा, बाकी काही नको. माझ्या मते गुलामांच्या व्यापाराला इतका स्पष्ट विरोध त्या काळात दुसरा सापडणार नाही.

जुनी बखर: असहमत. त्याच वर्षीचं ऑक्टोबरचं पत्रही वाचा. त्यात बंदी नाही, तपासणी आहे: विकायला आणलेला माणूस युद्धकैदी आहे की कोंगोचा स्वतंत्र प्रजाजन, हे पाहायला तीन अधिकारी नेमले. म्हणजे शेजारच्यांना विका, माझ्या लोकांना हात लावू नका. १५१४ च्या पत्रात तर फिरंग्यांना आपण गुलाम दिल्याचं तो स्वतःच सांगतो.

दिवाडकर: थोडं अवांतर. अफोंसोचा मुलगा एन्रिक १५१८ मध्ये बिशप झाला. गोव्यातल्या आमच्या दिवाडी बेटाच्या पाद्री मातेउश द काश्त्रूला तो मान १६३७ मध्ये मिळाला. रोम-लिस्बनकडे कोंगोची पत काय होती ते बघा. उगाच बिचारा ठरवू नका त्याला.

रानवाट: पत होती, पण भागीदार म्हणायला बरोबरी लागते. अफोंसोने जहाज मागितलं, मिळालं नाही. समुद्र पोर्तुगीजांचा, आणि त्यांच्या साओ तोमे बेटावरच्या उसाच्या मळ्यांना माणसं हवीच होती. खरी मेख जुलैच्याच पत्रात आहे. परदेशी माल थेट मांडलिकांच्या हाती जातोय, म्हणून ते आता आपलं ऐकत नाहीत, असं तो लिहितो. कोंगोचं चलन म्हणजे न्झिंबू शिंपले, ते लुआंडा बेटावर निघत आणि बेट राजाच्या ताब्यात. पैसा त्याच्या मुठीत होता, तोवर सरदारही होते. कापड आणि दारू बाहेरून आली आणि मूठ सुटली. त्याची धडपड सिंहासन सांभाळण्याची आहे. दया वगैरे नंतर.

धागाकर्ता: हेतू काहीही असो, तपासणी बसवणं हा विरोधच. तेव्हाचा दुसरा एक राजा दाखवा.

जुनी बखर: बेनिनचा ओबा, म्हणजे तिथला राजा. मध्य नाही, पश्चिम आफ्रिका, पण गिऱ्हाईक तेच पोर्तुगीज. त्याच सुमारास त्याने पुरुष गुलामांची विक्रीच बंद केली.